जीनोम सिक्वेन्सिंगच्या कामात येऊ पाहणाऱ्यांसाठी

जैवतंत्रज्ञान, सूक्ष्मजीवशास्त्र किंवा संगणकशास्त्र शिकणारे विद्यार्थी आमच्याकडे प्रशिक्षणासाठी येतात, तेव्हा पहिल्या काही दिवसांतच त्यांच्याकडून एक प्रश्न हमखास येतो: सिक्वेन्सिंग (डीएनएमधील अक्षरांचा क्रम वाचणे) शिकल्यावर पुढे काम मिळेल का? प्रश्न रास्त आहे, परंतु त्याचे उत्तर 'हो' किंवा 'नाही' अशा एका शब्दात देणे मला कधीच जमलेले नाही. मानवी डीएनए वाचण्याच्या या उद्योगात पैसा पूर्वी कोठे होता आणि आता कोठे सरकला आहे हे कळल्याशिवाय कोणते कौशल्य शिकावे हे ठरवता येत नाही. मी पुण्यात रुग्णांच्या जीनोममधील (म्हणजे संपूर्ण डीएनएमधील) बदल तपासून त्यांचा आजाराशी संबंध आहे की नाही याचे अहवाल तयार करण्याचे काम करतो. त्या कामातून जे समजले ते येथे मांडत आहे.

माणसाचा संपूर्ण डीएनए प्रथमच वाचण्यासाठीचा मानवी जीनोम प्रकल्प ऑक्टोबर १९९० मध्ये सुरू झाला आणि एप्रिल २००३ मध्ये तो पूर्ण झाल्याचे जाहीर करण्यात आले. अमेरिका, ब्रिटन, जपान, फ्रान्स, जर्मनी आणि चीन या देशांतील केंद्रांनी मिळून ते काम केले; भारत त्यात नव्हता. क्रेग व्हेंटर यांच्या सेलेरा या खासगी कंपनीने मधल्या काळात तेच काम वेगळ्या पद्धतीने हाती घेतले होते, आणि २६ जून २००० रोजी व्हाइट हाउसमध्ये कच्चा आराखडा जाहीर झाला तेव्हा सरकारी प्रकल्पाचे प्रमुख फ्रान्सिस कॉलिन्स व व्हेंटर हे दोघेही तेथे उपस्थित होते. या स्पर्धेच्या कथा पुष्कळ सांगितल्या जातात. नवख्याने आवर्जून लक्षात ठेवावा असा निर्णय मात्र १९९६ मध्ये बर्म्युडा येथील बैठकीत झाला: एक हजार अक्षरांहून मोठा जो भाग जुळवून होईल, तो चोवीस तासांच्या आत सर्वांसाठी खुला करायचा. आज नागपूर किंवा कोल्हापूरच्या महाविद्यालयातील विद्यार्थी एक पैसाही न देता संपूर्ण संदर्भ-जीनोम (इतरांचे जीनोम ज्याच्याशी ताडून पाहतात तो) आपल्या संगणकावर उतरवून घेऊ शकतो, त्याची मुळे त्या निर्णयात आहेत. या प्रकल्पाचा सर्वांत मोठा आर्थिक परिणाम कोणता असे मला कोणी विचारले, तर मी हेच उत्तर देईन.

नेहमी सांगितला जाणारा आकडा वेगळा आहे. बॅटेल या अमेरिकी संस्थेने २०११ मध्ये असा अहवाल दिला की, १९९० ते २००३ या काळात अमेरिकी सरकारने ३८० कोटी डॉलर (२०१० च्या किमतीनुसार ५६० कोटी) गुंतवले आणि त्यातून २०१० पर्यंत ७९,६०० कोटी डॉलरची आर्थिक उलाढाल निर्माण झाली, म्हणजे एका डॉलरमागे १४१ डॉलर. मुलाखतीत किंवा प्रकल्प-प्रस्तावात हा आकडा वापरण्यापूर्वी तो कसा आला हे पाहावे. सिक्वेन्सिंगची यंत्रे व रसायने बनवणाऱ्या उद्योगाशी निगडित असलेल्या प्रतिष्ठानाने त्या अभ्यासाला पैसा पुरवला होता, आणि जीनोमशी संबंधित जवळजवळ सगळी उलाढाल या एका प्रकल्पाच्या खात्यावर मांडली होती. प्रकल्प झालाच नसता तर त्यातले किती घडले असते, हा प्रश्न त्या हिशेबात येत नाही. परिणाम प्रचंड आहे याबद्दल मला शंका नाही, पण १४१ हा आकडा मी माझ्या विद्यार्थ्यांना पुरावा म्हणून वापरू देत नाही.

त्याहून बोलका हिशेब किमतीचा आहे. २००१ च्या सुमारास एका माणसाचा जीनोम वाचायला साधारण दहा कोटी डॉलर लागत. २००५ नंतर लाखो तुकडे एकाच वेळी वाचणारी यंत्रे आली आणि किंमत कोसळू लागली. २०१५ च्या अखेरीस ती दीड हजार डॉलरच्या आसपास होती, तर २०२२ मध्ये यंत्र बनवणाऱ्या सर्वांत मोठ्या कंपनीने दोनशे डॉलरचा दावा केला. हा दावा आपल्याकडच्या प्रयोगशाळेत जसाच्या तसा लागू होत नाही. यंत्रे आणि रसायने बहुतांश आयात केलेली असतात, त्यामुळे रुपया घसरला की प्रत्येक रन (यंत्राची एक फेरी) महागतो. शिवाय फ्लो-सेल (यंत्रात नमुने ज्यावर घालतात ती पट्टी) पूर्ण भरेल इतके नमुने जमल्याशिवाय रन लावणे परवडत नाही, म्हणून लहान प्रयोगशाळेत नमुने थांबून राहतात. वेट लॅबमध्ये, म्हणजे प्रत्यक्ष नमुने हाताळण्याचे, काम करू इच्छिणाऱ्यांनी लायब्ररी (यंत्राला वाचता येतील असे डीएनएचे तुकडे) तयार करण्याच्या कौशल्याइतकेच नमुन्यांचे असे नियोजन शिकून घ्यावे. चांगला तंत्रज्ञ रसायनाचा एक थेंब आणि एक दिवस दोन्ही वाचवतो, आणि प्रयोगशाळांना त्याची किंमत नेमकी ठाऊक असते.

वाचन स्वस्त झाले, अर्थ लावण्याचा खर्च मात्र त्या प्रमाणात उतरला नाही, आणि नवख्याने आपले स्थान येथे शोधावे असे माझे स्पष्ट मत आहे. कोणत्याही माणसाचा जीनोम संदर्भाशी ताडून पाहिला तर चाळीस-पन्नास लाख ठिकाणी फरक निघतात. त्यांतला आजाराला कारणीभूत असणारा बहुधा एखादाच असतो. संगणकाची पाइपलाइन (एकामागून एक चालणाऱ्या आज्ञावलींची साखळी) ही यादी काही शेकड्यांपर्यंत किंवा डझनांपर्यंत खाली आणते, त्यापुढे माणसाला बसावे लागते. २०१५ पासून जगभर वापरल्या जाणाऱ्या अमेरिकी नियमावलीनुसार प्रत्येक फरकाला रोगकारक, बहुधा रोगकारक, अनिश्चित, बहुधा निरुपद्रवी आणि निरुपद्रवी यांपैकी एका वर्गात टाकावे लागते. यांतला 'अनिश्चित' हा वर्ग सर्वांत जास्त वेळ खातो. तेथे निष्काळजीपणा झाला, तर एखाद्या स्त्रीवर गरज नसताना शस्त्रक्रियेची वेळ येऊ शकते. म्हणून या कामाला संगणकाची आज्ञावली लिहिता येण्याबरोबरच शोधनिबंध संशयाने वाचण्याची सवय लागते, आणि ही सवय अभ्यासक्रमातून क्वचितच लागते. ती वरिष्ठांच्या शेजारी बसून लावून घ्यावी लागते.

विज्ञान आणि अर्थकारण एकमेकांत कसे गुंतले आहेत हे समजावण्यासाठी मी नेहमी सिकल सेल या रक्ताच्या आनुवंशिक आजाराचे उदाहरण घेतो, कारण विदर्भ आणि नंदुरबारच्या पट्ट्यात तो आपल्या घरचा आजार आहे. त्याचे कारण जीनोम प्रकल्पाच्या कितीतरी आधी, १९५७ मध्येच कळले होते: हिमोग्लोबिनच्या एका साखळीत ग्लुटामिक आम्लाच्या जागी व्हॅलिन येते. कारण माहीत होऊनही अनेक दशके मुळावर घाव घालणारा उपचार फारसा पुढे सरकला नाही. कलाटणी मिळाली ती अगदी वेगळ्या बाजूने. जन्मानंतर गर्भावस्थेतील हिमोग्लोबिन बनणे थांबते, पण काही लोकांत ते थोडे चालू राहते आणि अशा रुग्णांना त्रास कमी होतो. हजारो लोकांच्या संपूर्ण जीनोमवर पसरलेल्या ठरावीक जागा तपासून २००७-०८ च्या सुमारास संशोधकांनी हा फरक दुसऱ्या गुणसूत्रावरील बीसीएल११ए या जनुकाशी जोडला. त्या जनुकाचा रक्ताच्या या प्रश्नाशी संबंध असेल असे कोणी आधी गृहीत धरले नव्हते; संपूर्ण नकाशा हाताशी असल्यामुळेच तो सापडला. हे जनुक गर्भावस्थेतील हिमोग्लोबिन बंद ठेवते. रुग्णाच्याच मूळ पेशी काढून, त्यांतील या जनुकाचे लाल पेशींपुरते नियंत्रण तोडून त्या परत देणाऱ्या उपचाराला अमेरिकेत ८ डिसेंबर २०२३ रोजी मान्यता मिळाली, आणि त्याची जाहीर किंमत होती २२ लाख डॉलर, म्हणजे तेव्हाच्या दराने सुमारे अठरा कोटी रुपये.

खुल्या माहितीवर उभे राहिलेले संशोधन अठरा कोटींच्या उपचारापर्यंत पोहोचले, आणि तो उपचार ज्या भागात आजार सर्वाधिक आहे तेथील कुटुंबांच्या आवाक्यात नाही. ही गोष्ट मला अस्वस्थ करते, आणि या क्षेत्रात येणाऱ्या मराठी विद्यार्थ्याने तिच्याकडे पाठ फिरवू नये असे मला मनापासून वाटते. त्याच वेळी हेही लक्षात घ्यावे की, १ जुलै २०२३ रोजी सुरू झालेल्या राष्ट्रीय सिकल सेल निर्मूलन मोहिमेत सात कोटी लोकांच्या तपासणीचे उद्दिष्ट ठेवण्यात आले आणि त्या तपासणीला सिक्वेन्सिंगची गरज नाही. रक्ताची साधी सोल्युबिलिटी चाचणी आणि नंतर एचपीएलसी (हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करून दाखवणारी चाचणी) पुरेशी होते. सिक्वेन्सिंग कोठे वापरू नये हे सांगता येणारा माणूस रुग्णालयाला अधिक उपयोगी पडतो.

भारतीय नमुन्यांवर काम करताना आणखी एक अडचण रोज समोर येते. संदर्भ-जीनोमचा सुमारे ७० टक्के भाग अमेरिकेतील बफेलो शहराच्या परिसरातील एका अनामिक दात्याचा आहे, आणि त्यानंतर जमलेल्या माहितीतही युरोपीय वंशाच्या लोकांचा वाटा फार मोठा राहिला. एखादा फरक दुर्मीळ आहे की सर्रास आढळतो यावर त्याचे वर्गीकरण मोठ्या प्रमाणात अवलंबून असते, पण दुर्मीळ म्हणजे कोणात दुर्मीळ? एमवायबीपीसी३ या जनुकातील २५ अक्षरांची गळती (तेवढी अक्षरे गायब असणे), जी हृदयस्नायूच्या विकाराशी जोडली गेली, दक्षिण आशियातील सुमारे चार टक्के लोकांत आढळते, हे २००९ मध्ये प्रसिद्ध झाले. केवळ युरोपीय माहितीकडे पाहणाऱ्या विश्लेषकाला ती अत्यंत दुर्मीळ दिसली असती. म्हणून ९ जानेवारी २०२५ रोजी जीनोमइंडिया प्रकल्पाची, देशभरातील सुमारे दहा हजार लोकांची माहिती फरिदाबादच्या केंद्रातून संशोधकांसाठी उपलब्ध झाली, याचे महत्त्व आमच्यासारख्यांना फार आहे. आपल्याकडे एकेका समाजात पिढ्यान्‌पिढ्या आतल्या आत विवाह होत आले, त्यामुळे प्रत्येक समाजाचे काही फरक वेगळे असतात, आणि दहा हजार ही केवळ सुरुवात ठरते. पुढच्या दहा वर्षांचे काम येथे पडलेले आहे.

कायद्याची माहिती मात्र पहिल्याच दिवशी करून घ्यावी. गर्भाच्या नमुन्यात लिंग आपोआप दिसते, पण १९९४ च्या गर्भलिंग निदानविषयक कायद्यामुळे ते अहवालात, फाइलच्या नावात किंवा तोंडी बोलण्यातही येऊ द्यायचे नाही. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १३ जून २०१३ रोजी निसर्गात आढळणाऱ्या जनुकावर पेटंट घेता येणार नाही असा निकाल दिला, तेव्हा स्तनाच्या कर्करोगाशी निगडित बीआरसीए जनुकांच्या चाचणीवरील एका कंपनीची मक्तेदारी मोडली आणि स्पर्धा सुरू झाली. एका निकालाने चाचणीचे अर्थकारण कसे बदलते हे समजण्यासाठी तो खटला वाचून पाहावा.

प्रत्यक्ष तयारीसाठी महागडे प्रमाणपत्र घेण्याची घाई करू नये. लिनक्स, थोडे पायथन किंवा आर (दोन्ही संगणकभाषा) आणि संख्याशास्त्राचा पाया एवढे झाले की, कोणी परवानगी देण्याची वाट न पाहता खुल्या माहितीवर काम सुरू करावे. आमच्याकडे येणाऱ्यांना मी प्रथम सिकल सेलचा फरक शोधायला सांगतो. पुस्तकात ए च्या जागी टी आल्याचे लिहिलेले असते, आणि पाइपलाइनने दिलेल्या फरकांच्या फाइलमध्ये मात्र अकराव्या गुणसूत्रावर ५२२७००२ या स्थानी टी च्या जागी ए दिसतो, कारण हे जनुक डीएनएच्या दोन धाग्यांपैकी उलट धाग्यावर आहे आणि फाइल सुलट धाग्याची अक्षरे लिहिते. संदर्भ-जीनोमची २००९ ची जुनी आवृत्ती वापरली असेल, तर तोच फरक ५२४८२३२ या स्थानी मिळतो. दोन आवृत्त्यांची सरमिसळ आणि धाग्याची दिशा यांतून होणारे घोटाळे रुग्णाच्या अहवालापर्यंत जाऊ शकतात, म्हणून हा एक फरक स्वतःच्या डोळ्यांनी आयजीव्ही या जीनोम दाखवणाऱ्या संगणक-साधनात पाहिल्याशिवाय मी पुढचे काम देत नाही. त्यानंतर अमेरिकेच्या मानक संस्थेने काळजीपूर्वक तपासून खुला केलेला एनए१२८७८ हा नमुना घ्यावा, स्वतःच्या पाइपलाइनचे निष्कर्ष त्यांच्या प्रमाणित यादीशी ताडून पाहावेत आणि जेथे जुळत नाही, त्यातल्या काही जागा एकेक करून का जुळल्या नाहीत ते लिहून काढावे. मुलाखतीला येताना ते टिपण सोबत आणावे. आम्ही गुणपत्रिकेपेक्षा ते अधिक वेळ वाचतो.