सायडर बिघडतो तो आधी शब्दांत: या चुका टाळा

घरी दहा-वीस लिटर सायडर करणाऱ्यांच्या तक्रारी मी बरीच वर्षं ऐकतो आहे. यीस्ट चढलं नाही, बाटली फुटली, चव गेली. खोदून विचारलं की पुष्कळदा मुळाशी एखादा शब्द सापडतो. कृतीत एक लिहिलेलं असतं, वाचणाऱ्यानं दुसरंच समजून घेतलेलं असतं. यात वाचणाऱ्याचा दोष कमीच. सायडरवाल्यांनी आपले काही शब्द बागांमधून आणले, काही वाइनवाल्यांकडून उसने घेतले, काही बिअरवाल्यांकडून. त्यामुळे एका शब्दाचे तीन अर्थ, आणि तीन शब्दांची एकच पाटी, असा प्रकार जागोजागी आहे.

खुद्द ‘सायडर’

इंग्लंडमध्ये सायडर म्हटलं की त्यात अल्कोहोल असतंच. अमेरिकेत नुसत्या ‘सायडर’चा अर्थ बहुधा न गाळलेला, गढूळ सफरचंदाचा रस असा होतो, आंबवलेल्याला तिथं ‘हार्ड सायडर’ म्हणतात. म्हणून अमेरिकी कृतीत ‘सायडर घ्या’ असं आलं तर रस घ्यायचा असतो. सायडर व्हिनेगर ही तर पुढची पायरी: अल्कोहोल झाल्यावर हवेच्या साथीनं जिवाणूंनी त्याचं केलेलं अॅसिटिक अॅसिड.

विकतचा रस घेत असाल तर लेबल नीट वाचा. पाश्चराइज्ड चालतो, कारण त्यात फक्त उष्णता दिलेली असते. पोटॅशियम सॉर्बेट किंवा सोडियम बेंझोएट लिहिलेलं असेल तर तो रस बाजूला ठेवा. त्यात कितीही यीस्ट घातलं तरी ते वाढायचं नाही.

गॅलनचंही असंच. ब्रिटिश गॅलन ४.५४६ लिटरचा आणि अमेरिकी ३.७८५ लिटरचा. लेखक कुठला हे कळल्याशिवाय ‘एका गॅलनला एक गोळी’ हे माप वापरू नका.

चीज, घाम आणि पोमेस

दाबयंत्राच्या वर्णनात ‘चीज’ आलं की नवखा थबकतो. सफरचंदाचा लगदा कापडात गुंडाळून एकावर एक थर रचतात, त्या रचलेल्या ढिगाला चीज म्हणतात. फळ ठेचून लगदा करणारं यंत्र ते स्क्रॅटर.

‘स्वेटिंग’चा घामाशी संबंध नाही. तोडलेली फळं काही दिवस ते काही आठवडे ठेवून मऊ होऊ द्यायची, म्हणजे उरलेल्या स्टार्चची साखर होते. आपल्याकडचा ‘अढी’ हा शब्द याच्या सगळ्यात जवळचा. अंगठा दाबला की थोडा आत गेला पाहिजे, इतकं फळ तयार हवं. पण अढी लावणं म्हणजे सडू देणं नव्हे. दबून तपकिरी पडलेला भाग चालतो. बुरशी आलेलं, कुजलेलं फळ चालत नाही, कारण त्यात पॅट्युलिन हे विष असू शकतं.

‘पोमेस’ मात्र खरंच फसवतो. दाबण्याआधीचा लगदा पोमेस आणि रस काढल्यावर उरलेला चोथाही पोमेस. ‘पोमेस रात्रभर ठेवा’ असं लिहिलं असेल तर तो लगदा, म्हणजे रस अजून त्यातच आहे. एका ओळखीच्या बाईंनी चोथा रात्रभर जपून ठेवला आणि सकाळी त्याचं काय करायचं ते पुढं कुठंच लिहिलेलं नाही म्हणून फोन केला. मी स्वतःच्या वहीत हे दोन शब्द, लगदा आणि चोथा, कटाक्षानं वेगळे लिहितो.

हायड्रोमीटर बोलतो ते वेगळं, आपण ऐकतो ते वेगळं

हायड्रोमीटर रसात तरंगतो आणि त्याचं गुरुत्व, म्हणजे पाण्याच्या तुलनेत घनता, दाखवतो; पाणी १.०००, साखर जास्त तितका आकडा मोठा. सायडरवाले तोंडी हे आकडे आखडतात. १.०५० ला ‘पन्नास’ म्हणतात, १.००५ ला ‘पाच’. हे ठीक आहे, पण वहीत लिहिताना पूर्ण आकडा लिहा. एक शून्य इकडचं तिकडं झालं की साखरेचा हिशेब दहापट चुकतो.

दुसरी, मला सतत भेटणारी चूक म्हणजे ‘पोटेन्शियल अल्कोहोल’ची पट्टी. बऱ्याच हायड्रोमीटरवर ती असते. सुरुवातीला ती साडेसहा टक्के दाखवते, महिन्या-दीड महिन्यानं शून्य. आणि माणूस घाबरतो, अल्कोहोल उडून गेलं म्हणून. ही पट्टी दाखवते ती उरलेल्या साखरेतून अजून किती अल्कोहोल होऊ शकेल ते. साखर संपली, म्हणून शून्य. झालेलं अल्कोहोल काढायचं तर सुरुवातीच्या गुरुत्वातून शेवटचं वजा करा आणि १३१ नं गुणा. १.०५० पासून १.००० पर्यंत आलं तर साधारण साडेसहा टक्के. हा आकडा अंदाजाचा आहे, पण घरच्या कामाला पुरतो.

वाचन घेताना नमुन्यातले बुडबुडे आधी हलवून काढून टाका. ते हायड्रोमीटरला चिकटून त्याला वर उचलतात आणि आकडा खरा असतो त्याहून मोठा दिसतो. यंत्र किती तापमानाला जुळवलेलं आहे तेही त्याच्यावर छापलेलं असतं, बहुधा २० अंश सेल्सिअस.

रिफ्रॅक्टोमीटर, म्हणजे प्रकाश किती वळतो त्यावरून साखर मोजणारं यंत्र, बागेत फळाचा रस तपासायला उत्तम. आंबवणं सुरू झाल्यावर मात्र त्याचा ‘ब्रिक्स’, म्हणजे साखरेचा आकडा, तसाच खरा मानू नका. अल्कोहोलमुळे प्रकाश वेगळा वळतो आणि साखर संपली तरी तो साखर दाखवत राहतो.

आणि एअरलॉक, म्हणजे वायू बाहेर सोडणारं पण हवा आत न घेणारं बूच, हे मोजायचं साधन नाही. बुडबुडे थांबले म्हणजे आंबवणं संपलं, असं नसतं. झाकण जरा सैल असलं तरी ते थांबतात. उलट ऊन वाढलं की विरघळलेला वायू सुटतो आणि संपलेल्या सायडरमधूनही बुडबुडे येतात. ‘अडकला’ आणि ‘सावकाश चाललाय’ यांतला फरकही हायड्रोमीटरच सांगतो. एक-दोन आठवड्यांच्या अंतरानं दोनदा मोजा. आकडा एका रेघेनंही खाली आला असेल तर तो अडकलेला नाही, त्याला त्याच्या गतीनं जाऊ द्या.

‘सेकंडरी’ म्हणजे नेमकं काय?

याचे तीन अर्थ मी वाचले आहेत. एक, पहिला जोर ओसरल्यावर सायडर गाळावरून काढून दुसऱ्या भांड्यात ठेवणं. यात दुसरं काही आंबत नाही, भांडं तेवढं दुसरं. दोन, बंद बाटलीत साखर घालून मुद्दाम घडवलेलं दुसरं किण्वन, ज्यानं फेस येतो. तीन, मॅलोलॅक्टिक: यात यीस्टचा हात नाही, लॅक्टिक जिवाणू जास्त आंबट मॅलिक अॅसिडचं सौम्य लॅक्टिक अॅसिड करतात आणि थोडा कार्बन डायऑक्साइड सुटतो.

‘सेकंडरीसाठी साखर घाला’ हे वाक्य पहिल्या अर्थानं वाचून मोठ्या भांड्यात साखर ओतणारे लोक मी पाहिले आहेत. फेस तर आलाच नाही, फक्त अल्कोहोल वाढलं आणि सफरचंदाची चव पातळ झाली. कृतीत हा शब्द आला की लेखकाला भांडं म्हणायचंय, बाटली म्हणायचीय की जिवाणू, हे आधी ठरवा.

ड्राय, फ्रूटी, ब्रूट: इथं बाटल्या फुटतात

‘ड्राय’ म्हणजे साखर न उरलेला. आंबट नव्हे, तुरट नव्हे, कडक नव्हे. १.००० किंवा त्याच्याही खाली गेलेला सायडर ड्राय. ‘फ्रूटी’ म्हणजे गोड नव्हे. पूर्ण ड्राय सायडरलाही सफरचंदाचा भरभरून वास येऊ शकतो. ‘ब्रूट’ शब्दावर तर अजिबात विसंबू नका. शॅम्पेनमध्ये ब्रूट म्हणजे लिटरला १२ ग्रॅमपेक्षा कमी साखर. फ्रेंच सिद्रमध्ये, म्हणजे तिथल्या सायडरमध्ये, ब्रूटला २८ ग्रॅमपर्यंत मुभा आहे. शब्द एक, गोडी दुपटीहून जास्त.

आता धोका. ड्राय सायडर जिभेला रोडका वाटतो, मग बाटलीत भरताना ‘चवीपुरती’ साखर घातली जाते. यीस्ट दिसत नाही, पण ते तिथं असतं. ते ती साखर खातं आणि बंद बाटलीत दाब वाढवतं. लिटरमागे ४ ग्रॅम साखर आंबली की सायडरच्या आकारमानाइतका कार्बन डायऑक्साइड तयार होतो. बेताच्या फेसासाठी लिटरला ६ ते ८ ग्रॅम पुरे, तेही पूर्ण ड्राय झालेल्या सायडरमध्ये आणि दाब सोसणाऱ्या बाटल्यांमध्येच. १.०१० वर भरलेल्या दहा लिटरमध्ये जवळपास पाव किलो साखर असते. ती बाटलीत आंबली तर साधी काच टिकणार नाही. रात्री स्फोट झाला आणि सकाळी फळीवर काचेचा चुरा सापडला, हे मी अनुभवलं आहे. त्या वेळी तिथं कुणी उभं नव्हतं, एवढंच नशीब.

‘सॉर्बेट घातलं की यीस्ट मरतं’ हाही शब्दांचाच गोंधळ. सॉर्बेट यीस्टला मारत नाही, त्याची वाढ रोखतं. आंबवणं जोरात चालू असताना घातलं तर उपयोग नाही. आणि सल्फाइटशिवाय एकटं घातलं तर लॅक्टिक जिवाणू त्याच्यापासून जिरेनियमच्या चुरगळलेल्या पानांसारखा वास तयार करतात, जो पुन्हा जात नाही. गोडी हवीच असेल तर बाटल्या पाश्चराइज करा, किंवा यीस्टला न आंबवता येणारं गोडवण वापरा, किंवा ग्लासात ओतताना थोडा रस मिसळा. मी शेवटचं करतो.

पेरीत, म्हणजे पेअरपासून केलेल्या सायडरसारख्या पेयात, उलटा अनुभव येतो. पेअरमध्ये सॉर्बिटॉल पुष्कळ असतं आणि यीस्ट ते खात नाही. म्हणून पेरी १.००० च्या वरच थांबते आणि संपल्यावरही किंचित गोड लागते. तिला ‘अडकली’ समजून पुन्हा पुन्हा यीस्ट घालू नका.

सल्फाइट, सल्फाइड, सल्फेट

देवनागरीत यांच्यात एका अक्षराचा फरक आहे. सल्फाइट हे परिरक्षक. सल्फाइड म्हणजे कुजक्या अंड्याचा वास. उपाशी यीस्ट तो सोडतं आणि पुष्कळदा तो आपोआप किंवा भांडं बदलल्यावर जातो. सल्फेट म्हणजे तिसरंच, आणि कॉपर सल्फेट तर विषारी. ते घरच्या सायडरपासून दूर असलेलंच बरं. चिठ्ठी लिहिताना घाई करू नका.

सल्फाइटचं माप पीएचवर ठरतं. पीएच ३.० ते ३.३ असेल तर ५० पीपीएम (दशलक्षात ५० भाग), ३.३ ते ३.५ ला १००, ३.५ ते ३.८ ला १५०. ३.८ च्या वर असेल तर आधी आंबट रस किंवा मॅलिक अॅसिड मिसळून पीएच खाली आणा. पोटॅशियम मेटाबायसल्फाइटच्या भुकटीतून साधारण निम्मा सल्फर डायऑक्साइड मिळतो असं धरा: दहा लिटरला १ ग्रॅम भुकटी म्हणजे सुमारे ५० पीपीएम. मग चोवीस तास थांबा आणि नंतरच यीस्ट घाला. दम्याच्या काही रुग्णांना सल्फाइटचा त्रास होतो, म्हणून पाहुण्यांना आधी सांगा.

पीएच आणि ‘टायट्रेटेबल अॅसिडिटी’ एक नव्हेत. जिवाणूंना रोखायचं काम पीएच सांगतो, जिभेला किती आंबट लागेल ते दुसरा आकडा सांगतो. त्यातही ग्यानबाची मेख आहे: इंग्रजी सायडरवाले हा आकडा मॅलिक अॅसिडच्या हिशेबात देतात, फ्रेंच सल्फ्युरिकच्या, वाइनवाले बहुधा टार्टारिकच्या. सल्फ्युरिकमधले ३ ग्रॅम म्हणजे मॅलिकमधले ४.१ ग्रॅम. आकड्याशेजारी अॅसिडचं नाव नसेल तर तो आकडा वापरू नका.

कडू आणि तुरट

इथं मराठी माणूस नशीबवान आहे. टॅनिनबद्दल, म्हणजे फळातल्या कडू-तुरट द्रव्याबद्दल, इंग्रजी पुस्तकांत ‘बिटर’ सरसकट येतो, पण कडू जिभेला लागतं आणि तुरट तोंडाला आवळतं, हा भेद आपल्याला लहानपणापासून ठाऊक असतो. सायडरवाल्यांचं ‘हार्ड टॅनिन’ म्हणजे कडू आणि ‘सॉफ्ट टॅनिन’ म्हणजे तुरट. ‘बिटरस्वीट’ सफरचंद हा चवीचा शेरा नाही, तो वर्ग आहे: टॅनिन ०.२ टक्क्यांहून जास्त, आम्ल ०.४५ टक्क्यांहून कमी. आम्लही जास्त असेल तर ‘बिटरशार्प’. खाण्याच्या सफरचंदांत टॅनिन बहुधा कमीच असतं, म्हणून त्यांचा सायडर हलका होतो. त्याला बिघाड समजू नका.

दोषांची नावं

वर पांढरं काही दिसलं की सगळे ‘बुरशी’ म्हणतात. हलवल्यावर तुटणारी पातळ, भुरकट साय असेल तर ते फिल्म यीस्ट. जाड, चिवट, जेलीसारखा पडदा असेल आणि व्हिनेगरचा वास येत असेल तर ते अॅसिटिक जिवाणू. दोन्हींना हवा लागते. भांडं गळ्यापर्यंत भरा, हा दोन्हींवरचा प्रतिबंध. फिल्म लवकर दिसली तर सायडर वाचतो. व्हिनेगरचा वास पक्का बसल्यावर मागं फिरता येत नाही.

‘ऑइली’ किंवा ‘रोपी’ सायडरला एकतारी पाकासारखी तार सुटते. लॅक्टिक जिवाणूंनी केलेला हा चिकटपणा आहे, चव बहुधा ठीक असते. जोरात ढवळून तार मोडा आणि १०० पीपीएम सल्फाइट द्या.

‘माउसी’ सगळ्यात वाईट, आणि सगळ्यात जास्त चुकीचा समजला जाणारा. लोक ग्लास हुंगतात आणि म्हणतात, उंदराचा वास तर नाही. हुंगून तो कळतच नाही. आम्लात हे रसायन उडत नाही. घोट गिळल्यावर लाळेनं आम्ल कमी झालं की मग घशामागून उंदराच्या पिंजऱ्यासारखी चव वर येते, आणि काही जणांना ती मुळीच कळत नाही. शंका असेल तर चमचाभर सायडरमध्ये चिमूटभर खाण्याचा सोडा घालून पाहा. यावर इलाज नाही. आंबवणं संपल्यावर सल्फाइट देणं आणि हवा लागू न देणं, एवढंच आपल्या हातात असतं.

दोन एन्झाइम

शेवटचा घोटाळा गढूळपणाचा. पेक्टिन, म्हणजे फळातला जेली होऊ शकणारा पदार्थ, यामुळे आलेला गढूळपणा घालवायला पेक्टिनेज वापरतात. ते पेक्टिन तोडतं. ‘कीव्हिंग’ या फ्रेंच-इंग्रजी रीतीत मात्र पेक्टिन हवंच असतं. तिथं पेक्टिन मिथाइल एस्टरेज आणि कॅल्शियम यांच्या मदतीनं त्याची जेली करतात, ती तपकिरी टोपीसारखी वर चढते आणि खाली निवळ, यीस्टच्या पोषणाला कमी पडणारा रस उरतो. तो इतका सावकाश आंबतो की गोडी शिल्लक राहते. कृतीत दोन्हींना नुसतं ‘एन्झाइम’ म्हटलेलं असतं. पुडीवर पेक्टिनेज लिहिलेलं असेल आणि तुम्हाला कीव्हिंग करायचं असेल तर ती पुडी उघडू नका. एकदा ते रसात पडलं की त्या रसाची टोपी कधीच तयार होणार नाही.