हेगच्या कोर्टाची बातमी आली की आधी काय बघायचं

"अमक्याच्या नावाने हेगच्या कोर्टाचं वॉरंट" अशी बातमी आली की आमच्या फॅमिली ग्रुपवर लगेच दोन पार्ट्या पडतात, एक म्हणते आता हा आत जाणार, दुसरी म्हणते या कोर्टाला विचारतंय कोण. मी वकील नाही, पण गेली काही वर्षं नाद म्हणून या केसेस फॉलो करतोय आणि माझं मत असं झालंय की दोन्ही पार्ट्या घाई करतात, कारण केस कुठल्या पायरीवर आहे आणि माणसाला धरून आणणार कोण, हे दोन्हीकडचं कोणीच बघत नाही. म्हणून बातमी कशी वाचायची ते लिहून ठेवतोय, म्हणजे दरवेळी टाइप करायला नको.

सगळ्यात आधी कोर्ट कोणतं ते बघा. नेदरलँड्समधल्या हेग शहरात कोर्टं ढीगभर आहेत. मी स्वतः एकदा ठासून लिहिलं होतं की कुलभूषण जाधवांची केस आयसीसीत, म्हणजे आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयात चालली, आणि मावसभावाने सगळ्यांसमोर माझी काढली, बरोबरच काढली. ती केस आयसीजेत, म्हणजे आंतरराष्ट्रीय न्यायालयात होती, पीस पॅलेस नावाच्या त्या टोलेजंग इमारतीत. तिथे देश विरुद्ध देश असं भांडण चालतं, भारत विरुद्ध पाकिस्तान, आपल्याकडून नागपूरचे हरीश साळवे उभे होते, एक रुपया फी घेऊन, आणि १७ जुलै २०१९ ला निकाल आला. तिथे कोणी आरोपी नसतो, कोणाला जेल होत नाही. आयसीसीत मात्र माणसावर खटला चालतो, प्रत्यक्ष हाडामांसाच्या माणसावर. ओळखायची सोपी खूण म्हणजे केसचं नाव. दोन देशांची नावं असतील तर आयसीजे, "प्रॉसिक्युटर विरुद्ध अमुक" असेल तर आयसीसी किंवा तसलं दुसरं क्रिमिनल कोर्ट. रोहिंग्यांच्या प्रकरणात तर दोन्हीकडे काम चालू झालं, गांबियाने म्यानमारला २०१९ साली आयसीजेत खेचलं आणि त्याच महिन्यात आयसीसीत वेगळा तपास मंजूर झाला, त्यामुळे पेपरवाल्यांचाही गोंधळ होतो, त्यांना फार दोष देऊ नका. जुन्या बातम्या वाचत असाल तर युगोस्लाव्हियासाठी १९९३ ला आणि रवांडासाठी १९९४ ला संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेने काढलेली तात्पुरती कोर्टं पण भेटतील, रवांडावालं तर हेगला नव्हतंच, टांझानियात अरुशाला होतं.

आता आयसीसी आहे असं धरू. पुढचा प्रश्न, या कोर्टाचा तिथे हात पोचतो का. आपल्याकडे पोलीस म्हणतात ना "आमच्या हद्दीत येत नाही", तसंच. ज्याच्यातून हे कोर्ट उभं राहिलं तो रोम करार १७ जुलै १९९८ ला झाला, १ जुलै २००२ ला लागू झाला, त्याच्या आधीचं काहीही इथे चालत नाही. त्यानंतरचं असेल तर गुन्हा सदस्य देशाच्या जमिनीवर घडलेला पाहिजे किंवा आरोपी सदस्य देशाचा नागरिक पाहिजे, नाहीतर सुरक्षा परिषदेने प्रकरण पाठवलेलं पाहिजे, जसं सुदानमधल्या दार्फुरचं २००५ ला आणि लिबियाचं २०११ ला पाठवलं. (सदस्य नसलेला देश स्वतःहून हद्द मान्य करू शकतो, पण ते क्वचित.)

इथे रोहिंग्यांची केस नीट समजून घेण्यासारखी आहे. म्यानमार सदस्य नाही, मग हद्द कुठून आली? तर बांगलादेश सदस्य आहे, आणि लोकांना हाकलून देणं हा गुन्हा सीमा ओलांडल्याशिवाय पुरा होतच नाही, म्हणजे गुन्ह्याचा अर्धा भाग बांगलादेशच्या जमिनीवर घडला. २०१८ ला जजेसनी हे मान्य केलं. मला हा युक्तिवाद पहिल्यांदा वाचला तेव्हा शिट्टी मारावीशी वाटली होती, खरंच.

भारत सदस्य नाही. रोमला मतदान झालं तेव्हा १२० बाजूने, ७ विरोधात आणि २१ तटस्थ, आपण त्या २१ मध्ये. सुरक्षा परिषदेला दिलेले अधिकार आपल्याला पटले नव्हते, आणि अण्वस्त्रं व दहशतवाद यादीत घेतले नाहीत याचाही राग होता. म्हणून २०१५ च्या ऑक्टोबरमध्ये सुदानचा तेव्हाचा राष्ट्राध्यक्ष बशीर, ज्याच्या नावावर दोन वॉरंट होते, तो दिल्लीला आफ्रिका शिखर परिषदेला येऊन निवांत परत गेला. ग्रुपवर कोणी "भारताने का नाही धरलं" विचारलं तर उत्तर हे, आपल्यावर धरायचं बंधनच नव्हतं. बरं वाटलं पाहिजे की वाईट, ते ज्याचं त्याने ठरवावं.

आणि एखादा देश बाहेर पडला की सुटला असं पण नसतं. फिलिपिन्स १७ मार्च २०१९ ला बाहेर पडला, तरी सदस्य असतानाच्या काळातलं, म्हणजे १ नोव्हेंबर २०११ ते १६ मार्च २०१९ चं, कोर्टाने आपल्याकडेच ठेवलं, आणि तिथले माजी राष्ट्राध्यक्ष दुतेर्ते ११ मार्च २०२५ ला हाँगकाँगहून मनिलाला उतरले ते थेट अटकेत. तीन दिवसांनी व्हिडिओ लिंकवर कोर्टासमोर.

हद्द असली तरी एक अडथळा राहतो, घरचं कोर्ट. देश स्वतः खरोखर खटला चालवत असेल तर आयसीसी मागे सरते. "खरोखर" या शब्दावर सगळं अडतं, नावापुरती फाइल उघडून ठेवली तर चालत नाही. लिबियाचा हुकूमशहा गद्दाफी, त्याच्या गुप्तचर प्रमुखाचा, अल-सेनुसीचा खटला २०१३ मध्ये याच कारणाने हेगने सोडून दिला, आणि गद्दाफीच्या मुलाचा, सैफचा, सोडला नाही.

मग गुन्ह्याचं नाव बघा, आणि इथे मराठी बातमीवर डोळे झाकून जाऊ नका. आपल्याकडे "नरसंहार" हा शब्द कुठेही मोठ्या संख्येने माणसं मारली की वापरतात, आणि जेनोसाइडला पण तोच. कायद्यात जेनोसाइड म्हणजे एखादा राष्ट्रीय, वांशिक किंवा धार्मिक गट, पूर्ण नाहीतर अंशतः, संपवायच्याच हेतूने केलेलं कृत्य, त्याला वंशसंहार म्हटलेलं बरं. आकडा किती यापेक्षा डोक्यात काय होतं हे सिद्ध करावं लागतं आणि ते महाकठीण असतं. आंतरराष्ट्रीय कोर्टात वंशसंहाराची पहिली शिक्षा अकायेसू नावाच्या रवांडातल्या एका गावप्रमुखाला झाली, २ सप्टेंबर १९९८ ला निकाल आला, आणि बलात्कार हा सुद्धा वंशसंहाराचं हत्यार असू शकतो हे तिथे पहिल्यांदा ठरलं. त्या बेंचवर नवी पिल्ले होत्या, दक्षिण आफ्रिकेतल्या भारतीय वंशाच्या. मानवतेविरुद्धचे गुन्हे वेगळे, त्यात सामान्य लोकांवर व्यापक किंवा पद्धतशीर हल्ला दाखवावा लागतो, युद्ध चालू असायची गरज नाही, दुतेर्तेंची केस तीच आहे. युद्धगुन्ह्याला युद्ध लागतं. चौथा, आक्रमणाचा गुन्हा, त्याची हद्द बरीच अरुंद आहे म्हणून सध्या सोडून द्या.

आता पायरी. हे सगळ्यात महत्त्वाचं आहे आणि इथेच सगळे गंडतात. आधी प्राथमिक पडताळणी, मग तपास, मग वॉरंट, मग माणूस हातात आल्यावर पहिली हजेरी, मग आरोप निश्चितीची सुनावणी, मग खटला, निकाल, शिक्षा, अपील, आणि शेवटी नुकसानभरपाई. प्रत्येक पायरीला पुराव्याची पट्टी उंच होत जाते. वॉरंटला "मानायला वाजवी कारण" पुरतं, आरोप निश्चितीला "भरीव कारण" लागतं आणि दोषी ठरवायला कुठलाही वाजवी संशय उरता कामा नये. म्हणजे वॉरंट निघालं म्हणजे गुन्हा सिद्ध झाला असं अजिबात नाही, आपल्याकडे एफआयआर झाली की माणसाला गुन्हेगार म्हणून मोकळे होतात तशातला प्रकार. काँगोचा माजी उपराष्ट्राध्यक्ष बेम्बा, त्याला १८ वर्षं झाली होती, २०१८ ला अपिलात निर्दोष सुटला. केनियाचा तेव्हाचा राष्ट्राध्यक्ष केन्याटा, त्याच्यावरचे आरोप प्रॉसिक्युटरनेच २०१४ ला मागे घेतले, पुरावा टिकेना म्हणून.

शिवाय आरोपी हजर नसेल तर खटला चालत नाही. फक्त आरोप निश्चितीची सुनावणी त्याच्या गैरहजेरीत होऊ शकते, आणि ती पहिल्यांदा झाली युगांडाचा बंडखोर म्होरक्या कोनी याच्या केसमध्ये, सप्टेंबर २०२५ ला, वॉरंट निघालं होतं २००५ ला. वीस वर्षं! तारीख पे तारीख आपल्याकडेच असते असं समजू नका.

पायरी कळायला बातमीवर अवलंबून राहायची गरज नाही, कोर्टाच्या कागदावरचा नंबर वाचायला शिका. कागदावर वर लिहिलेलं असतं, समजा, आयसीसी-०१/०४-०१/०६-२८४२. घाबरू नका. पहिलं ०१/०४ म्हणजे २००४ सालातलं पहिलं प्रकरण, काँगो. दुसरं ०१/०६ म्हणजे त्या प्रकरणातली २००६ ची पहिली केस, लुबांगा, लहान मुलांना सैन्यात घातलं तो. आणि २८४२ हा कागदाचा अनुक्रमांक, हाच तो मार्च २०१२ चा निकाल, कोर्टाच्या इतिहासातला पहिला. म्हणजे निकालाआधी त्या एका केसमध्ये अडीच हजारांहून जास्त अर्ज, आदेश, उत्तरं फाइलला लागली होती, मग सहा वर्षं का लागली ते आपोआप कळतं. याच हिशोबाने ०१/२१-०१/२५ दिसलं की दुतेर्ते, ०२/०५ ने सुरू झालं की दार्फुर. नंबरच्या शेवटी शेपूट पण असतं, "रेड" असेल तर काही ओळी काळ्या करून प्रसिद्ध केलेली प्रत, "कॉन्फ" म्हणजे गोपनीय, आपल्याला दिसणार नाही, आणि अनुक्रमांकाच्या आधी "टी" आलं की सुनावणीचं शब्दशः टिपण. वेबसाइटवर कोर्ट रेकॉर्ड्समध्ये केसचा नंबर टाकला की सगळं फुकट मिळतं. निकाल शेकडो पानांचा असतो, तो वाचायला बसू नका, त्याच दिवशी जज जो सारांश वाचून दाखवतात तो आधी वाचा आणि मग ज्या मुद्द्यावर शंका आहे तेवढाच मूळ निकालात शोधा.

सुनावणी लाइव्ह बघायची असेल तर एक लक्षात ठेवा, ती अर्ध्या तासाने उशिरा दाखवतात, साक्षीदाराचं नाव चुकून कोणाच्या तोंडून गेलं तर कापता यावं म्हणून. साक्षीदाराला "पी" आणि आकडा अशी ओळख असते, पी म्हणजे प्रॉसिक्युशनचा, डी म्हणजे बचावाचा, चेहरा चौकोन चौकोन केलेला, आवाज बदललेला. मधेच "प्रायव्हेट सेशन" म्हणतात आणि आवाज जातो, तुमचं नेट गेलेलं नसतं. पहिल्यांदा बघणाऱ्याने सुरुवातीची भाषणं किंवा निकालाचा दिवस बघावा, मधले दिवस कंटाळवाणे असतात, एका नकाशावर तास तास जातात. नेदरलँड्सला आपली आयटीवाली पोरं बरीच आहेत, कोणी असेल तर त्याला सांगा, पब्लिक गॅलरी सगळ्यांना खुली असते, ओळखपत्र न्यायचं आणि फोन बाहेर ठेवायचा, काचेच्या पलीकडे कोर्ट दिसतं.

आता तो धरून आणायचा प्रश्न. आयसीसीकडे स्वतःचा एक हवालदार नाही. धरायचं काम देशांचं, आणि देश धरतात तेव्हा बहुतेक वेळा घरचं राजकारण फिरलेलं असतं. बशीरला जून २०१५ ला दक्षिण आफ्रिकेने जाऊ दिलं, पुतिनना सप्टेंबर २०२४ ला मंगोलियाने, दोन्ही सदस्य देश असून. उलट बोस्नियातल्या सर्बांचा नेता काराजिच, युगोस्लाव्हियाच्या कोर्टाला हवा असलेला, बेलग्रेडमध्ये लांब दाढी वाढवून पर्यायी उपचार करणारा वैद्य बनून राहत होता, १९९५ ला आरोप ठेवले होते आणि २००८ ला सापडला. काँगोतला बंडखोर सेनानी न्टागांडा तर २०१३ ला स्वतःच रवांडाच्या राजधानीत, किगालीतल्या अमेरिकन दूतावासात चालत गेला आणि म्हणाला मला हेगला पाठवा. त्यामुळे वॉरंट निघालं की "आता काय होणार" हे विचारण्यापेक्षा तो माणूस कुठे राहतो, तिथलं सरकार कोणाचं आहे आणि पुढच्या निवडणुकीत ते टिकतंय का, हे बघा. वॉरंटला एक्सपायरी डेट नसते.

शिक्षेचं थोडक्यात. फाशी नाही, जास्तीत जास्त ३० वर्षं, अगदीच भयंकर असेल तर जन्मठेप. हेगला जेल फक्त कच्च्या कैद्यांसाठी, शिक्षा भोगायला एखाद्या तयार असलेल्या देशात पाठवतात, कोनीच्याच टोळीतला कमांडर, युगांडाचा ओंगवेन २५ वर्षं भोगायला नॉर्वेला गेला.

आणि शेवटचं, बातमीत आयसीसी दिसली नाही म्हणजे काही चाललेलंच नाही असं समजू नका. सीरिया सदस्य नव्हता, मे २०१४ ला सुरक्षा परिषदेत ते प्रकरण पाठवायचा ठराव आला तो रशिया आणि चीनने व्हेटोने पाडला, हेगचा रस्ता बंद. पण जर्मनीचा कायदा असा की असले गुन्हे जगात कुठेही झालेले असोत, तिथलं कोर्ट चालवू शकतं. अन्वर रस्लान, दमास्कसच्या एका छळकोठडीचा अधिकारी, निर्वासित म्हणून जर्मनीत आला आणि तिथेच पकडला गेला, कोब्लेन्झ नावाच्या छोट्या शहरात खटला चालला, जानेवारी २०२२ ला जन्मठेप. अशा केसेस शोधताना हेग टाकून काही सापडत नाही, शहराचं नाव टाकावं लागतं. आणि भाषा पण अडते. कोब्लेन्झला कामकाज जर्मनमध्ये चालायचं, गॅलरीत बसलेल्या अरबी पत्रकारांना अक्षर कळायचं नाही, शेवटी जर्मनीच्या घटनात्मक न्यायालयाच्या आदेशाने त्यांना भाषांतर ऐकायला मिळालं.