बुरशी घासली, कोट मारला, तरी डाग परत? या चुका टाळा

गणपती महिन्यावर आले की कोकणात घरोघरी रंगाचे डबे उघडतात. पाहुणे यायचे असतात, मखराच्या मागे काळी भिंत कोणाला हवी? रत्नागिरीच्या आमच्या घरात मखर बसतं ती भिंत नेमकी पश्चिमेची, जांभ्याची. एका श्रावणात आम्ही ती ब्लीचने घासली, दोन दिवस पंखा लावून ठेवला आणि बुरशीरोधक कोटाचे दोन हात मारले. गणपती झोकात पार पडले. दिवाळीला पाहतो तर तळहाताएवढे फुगे! एक नखाने फोडला, तर पोपड्याची आतली बाजू दमट आणि तिला चिकटलेले काळे ठिपके. डब्याच्या नावाने बोटं मोडली, पण दोष डब्याचा नव्हता.

अशा कोटात बुरशीनाशक असतं, ते कोटाच्या थरावर बुरशी धरू नये म्हणून. भिंतीतून झिरपणारं पाणी ते अडवत नाही आणि खाली राहिलेल्या बुरशीवर औषध म्हणूनही ते चालत नाही.

हाताला कोरडी लागली म्हणजे वाळली, असं समजणं

सगळ्यात महाग पडते ती हीच चूक. जांभा सच्छिद्र दगड, चार महिने पाणी पितो. वरचा गिलावा पंख्याने दोन दिवसांत वाळतो, आतला दगड नाही. साधी परीक्षा करा: फूट-दीड फुटाचा जाड प्लॅस्टिकचा चौकोन भिंतीवर ठेवून चारही कडा टेपने घट्ट बंद करा आणि दिवसभर तसाच राहू द्या. आतल्या बाजूला थेंब जमले तर ओल भिंतीतून येतेय. वरच्या, खोलीकडच्या बाजूला दमटपणा दिसला तर ती खोलीतली वाफ आहे.

या दोन दुखण्यांना औषधं वेगळी. पहिल्यात बाहेरची चीर, पन्हळ, गच्ची, भिंतीतला नळ तपासावा लागतो. दुसऱ्यात घरात वाळत घातलेले कपडे, बंद खिडक्या आणि भिंतीला चिकटवलेलं कपाट. ते कपाट चार बोटं पुढे ओढलं तरी फरक पडतो.

कोकणात या कामाला फेब्रुवारी ते एप्रिल हा काळ बरा. श्रावणात हे काम करायचंच नाही.

ब्लीचवर विसंबणं

ब्लीचने डाग पांढरा पडतो आणि आपल्याला वाटतं, गेली बुरशी. प्रत्यक्षात रंग उडतो. गिलाव्याच्या छिद्रांत ते नीट पोचत नाही, त्यातलं पाणी मात्र पोचतं. भुसभुशीत झालेली पुट्टी पत्र्याने खरवडून पक्क्या गिलाव्यापर्यंत जायलाच हवं. खरवडताना आधी भिंतीवर पाण्याचा हलका फवारा मारा, एन-९५ मास्क लावा आणि पंखा बंद ठेवा. आम्ही तो फुल्ल लावला होता, म्हणजे बुरशीचे बीजाणू घरभर आपल्याच हाताने वाटले. मेलेल्या बुरशीनेही ॲलर्जी होते. मग भिंत साध्या पाण्याने पुसून पुन्हा वाळवा. साबणाचा किंवा ब्लीचचा अंश राहिला तर कोट नीट धरत नाही.

आणि एक: ब्लीचमध्ये ॲसिडवालं बाथरूम क्लीनर कधीही मिसळू नका. क्लोरीन वायू सुटतो.

खाराला बुरशी समजणं

पांढरी भुकटी दिसली की लोक बुरशीरोधक कोट आणतात. भुकटीवर पाणी शिंपडा. विरघळून दिसेनाशी झाली आणि वाळल्यावर परत फुटली, तर तो खार, म्हणजे ओलीबरोबर भिंतीतून बाहेर आलेले क्षार. तो कोरड्या ब्रशने झाडायचा आणि ओलीचं मूळ शोधायचं. बुरशीनाशकाचं तिथे काही काम नाही.

जुन्या चुन्यावर थेट कोट

आमच्याकडे पूर्वी दरवर्षी भिंतीला चुन्याचा हात द्यायचे, त्यात शहाणपण होतं. ताजा चुना इतका अल्कधर्मी असतो की बुरशी सहजी धरत नाही, शिवाय भिंतीतली ओल त्यातून बाहेर पडू शकते. हवेने त्याचा जोर ओसरतो, म्हणून दरवर्षी नवा हात द्यायचा. पण भुकटी सुटणाऱ्या त्या थरावर प्लॅस्टिक पेंटचा कोट मारलात तर चुन्यासकट पोपडे निघतील. आधी चुना खरवडा.

पाणी घालून कोट वाढवण्याची सवयही नडते. डब्यावर लिटरला किती चौरस फूट ते छापलेलं असतं. भिंत मोजा, हिशेबापेक्षा बराच कोट उरला तर थर पातळ बसला आहे.

डाग परत आलेच तर

लगेच तिसरा हात मारू नका. ओलं फडकं फिरवून पाहा. ठिपके पुसले गेले आणि खालचा थर शाबूत असेल, तर बुरशी वरच्या धुळीवर किंवा फोडणीच्या तेलकट थरावर धरली आहे. पुसा आणि हवा खेळती ठेवा. फुगा असेल तर फोडून आत पाहा: ओल, खार की काळे ठिपके? तिथलं सैल सगळं काढावंच लागेल. पिवळट डाग उमटला असेल तर बहुधा जुन्या पाण्याचा आहे. भिंत पूर्ण वाळल्यावर डाग दाबणारा प्रायमर लावून मग कोट.

आमची भिंत पुढच्या गणपतीत तशीच, खरवडलेली ठेवली. मखरामागे आईची जुनी इरकल साडी लावली, भिंतीपासून वीतभर पुढे. बाहेरची चीर पाऊस संपल्यावर बुजवली. फेब्रुवारीत प्लॅस्टिक लावलं तर थेंब होते, एप्रिलमध्ये कोरडं निघालं. तेव्हा कोट मारला.