पायाच्या जुळत असलेल्या फ्रॅक्चरचे कोडिंग: फॉलो-अपच्या चार्टवर या चुका टाळा

पुण्यात किंवा नवी मुंबईत बसून अमेरिकेतील रुग्णांचे चार्ट कोड करणाऱ्यांना, म्हणजे डॉक्टरांच्या नोंदी वाचून विम्याच्या दाव्यासाठी (क्लेमसाठी) निदानाला ठरलेला कोड देणाऱ्यांना, नडगीच्या फ्रॅक्चरचा पहिल्या दिवसाचा चार्ट फारसा अडवत नाही. अडचण येते ती सहा-आठ आठवड्यांनंतरच्या भेटीला, कारण तोवर प्लॅस्टर निघालेले असते, जखम भरलेली असते आणि डॉक्टरांची नोंद ‘हाड व्यवस्थित जुळत आहे, महिन्याने दाखवावे’ एवढ्यावर संपलेली असते. या दोन ओळींवरून सात अक्षरांचा कोड ठरवायचा असतो. तो ठरवताना होणाऱ्या बहुतेक चुकांचे मूळ एकच असते: कोडर आजची भेट वाचतो, पण ज्या दिवशी हाड मोडले त्या दिवसाची नोंद उघडून पाहत नाही.

सर्वांत जुनी चूक म्हणजे झेड४७ गटातला आफ्टरकेअरचा, म्हणजे मुख्य उपचारांनंतरच्या देखभालीचा, कोड देणे. तिला इतिहास आहे. आयसीडी-९ या निदान-कोडांच्या जुन्या यादीत गुडघ्याखालच्या पायाच्या जुळत्या फ्रॅक्चरसाठी व्ही५४.१६ असा स्वतंत्र कोड होता. १ ऑक्टोबर २०१५ रोजी अमेरिकेत आयसीडी-१०-सीएम ही नवी यादी लागू झाली आणि इजेच्या बाबतीत ही सोय संपली. आता मूळ फ्रॅक्चरचाच कोड शेवटपर्यंत चालवायचा आणि उपचार कोणत्या टप्प्यावर आहेत ते सातव्या अक्षराने सांगायचे. उजव्या नडगीच्या हाडाच्या मधल्या भागाचे, सरकलेले, स्पायरल (पिळल्यासारखे मोडलेले) प्रकारचे बंद, म्हणजे त्वचा न फाटलेले, फ्रॅक्चर पहिल्या दिवशी एस८२.२४१ए असेल, तर ते नीट जुळत असताना एस८२.२४१डी होते. पहिली सहा अक्षरे हलत नाहीत. शस्त्रक्रियेनंतरच्या एक्स-रेमध्ये हाड सरळ रेषेत दिसले म्हणून ‘न सरकलेले’ फ्रॅक्चर निवडणारे कोडर मी पाहिले आहेत. हाड जागेवर बसवल्यावर ते सरळ दिसणारच, पण मोडले तेव्हा ते सरकले होते आणि कोड त्या मोडण्याचा आहे.

दुसरी चूक ‘ए’ आणि ‘डी’ यांच्या निवडीत होते. ‘ए’ म्हणजे पहिली भेट, असा अर्थ त्याच्या इंग्रजी नावावरून लागतो आणि तिथेच पाय घसरतो. ‘ए’चा संबंध भेटीच्या क्रमांकाशी नसून सक्रिय उपचारांशी आहे. इमर्जन्सी विभागात पायाला स्प्लिंट बांधून घरी पाठवलेला रुग्ण पाच दिवसांनी शस्त्रक्रियेसाठी आला, तर भेट दुसरी असूनही अक्षर ‘ए’च राहते. उलट कोलोरॅडोत स्कीइंग करताना पाय मोडून तिथेच रॉड बसवून घेतलेला रुग्ण टेक्सासमधील आपल्या गावी परतून नव्या डॉक्टरांकडे केवळ एक्स-रे दाखवायला गेला, तर डॉक्टरांसाठी रुग्ण नवा असला तरी अक्षर ‘डी’ येते. प्लॅस्टर बदलणे किंवा काढणे, हाड कितपत जुळले ते एक्स-रेने पाहणे, औषधांत बदल करणे ही सगळी पुढच्या टप्प्याची कामे आहेत. मात्र रुग्णाने दुखणे अंगावर काढले आणि महिनाभराने तो प्रथमच उपचारांसाठी आला, तर तिथे ‘ए’ द्यावे, असे आयसीडी-१०-सीएमच्या मार्गदर्शक सूचना स्पष्ट सांगतात.

तिसऱ्या चुकीवर मी थोडा थांबतो, कारण ती माझ्या हातून झाली आहे. चार्टमध्ये ‘ओपन रिडक्शन अँड इंटर्नल फिक्सेशन’ (शस्त्रक्रियेने हाड जागेवर बसवून आतून पक्के करणे) असे लिहिले होते आणि मी फ्रॅक्चर ओपन, म्हणजे उघडे, धरून सातवे अक्षर ‘ई’ दिले. ऑडिटरने चार्ट परत पाठवला तेव्हा मी इमर्जन्सीची मूळ नोंद उघडली. तिथे ‘त्वचा अखंड’ असे स्वच्छ लिहिलेले होते. त्वचा उघडली होती ती शल्यचिकित्सकाने, हाड बसवण्यासाठी. फ्रॅक्चर बंदच होते आणि अक्षर ‘डी’ हवे होते. याची उलट बाजूही तितकीच महत्त्वाची आहे. अपघातात हाड खरोखर त्वचा फाडून बाहेर आले असेल, तर जखम पूर्ण भरली तरी ते कोडसाठी बंद होत नाही. उघड्या फ्रॅक्चरची तीव्रता सांगणाऱ्या गुस्टिलो वर्गीकरणानुसार पहिल्या किंवा दुसऱ्या प्रकाराला ‘ई’ आणि तिसऱ्याला ‘एफ’ राहते. उघडे की बंद हे कुठेच लिहिलेले नसेल तर बंद धरावे, आणि सरकले की नाही हे लिहिलेले नसेल तर सरकलेले धरावे.

हाड वेळेत जुळत नसेल तर अक्षर पुन्हा बदलते. बंद फ्रॅक्चर उशिरा जुळत असेल तर ‘जी’, जुळलेच नसेल तर ‘के’, वाकडे जुळले असेल तर ‘पी’. हा निष्कर्ष डॉक्टरांचा असावा लागतो. ‘कॅलस (जुळताना तयार होणारे नवे हाड) कमी दिसतो’ एवढ्या शब्दांवरून कोडरने ‘जी’ देणे म्हणजे आपल्या अधिकाराबाहेर जाऊन निदान करणे आहे. अशा वेळी डॉक्टरांना क्वेरी, म्हणजे लेखी प्रश्न, पाठवावी. न जुळलेल्या हाडावर पुन्हा शस्त्रक्रिया झाली की ‘ए’ देण्याचा मोह होतो, पण तिथे ‘के’च येते.

काही चुका लहान असतात, पण क्लेम अडवतात. घोट्याच्या आतल्या बाजूच्या फ्रॅक्चरचा कोड पाच अक्षरांतच संपतो, म्हणून सहाव्या जागी ‘एक्स’ भरून एस८२.५१एक्सडी असे लिहावे लागते. नडगीचे हाड आणि शेजारचे बारीक हाड दोन्ही मोडले असतील तर दोन कोड द्यावेत. अपघाताच्या कारणाचा कोड फॉलो-अपलाही ‘डी’ लावून देता येतो, पण अपघाताचे ठिकाण सांगणारा वाय९२ पहिल्या भेटीनंतर पुन्हा देऊ नये.

वयस्कर रुग्णांच्या चार्टमध्ये जुनी आजारयादी वाचल्याशिवाय पुढे जाऊ नये. हाडे ठिसूळ झाल्याचे निदान आधीच असेल आणि निरोगी हाड सहसा मोडणार नाही अशा किरकोळ पडण्याने पाय मोडला असेल, तर एस८२ ऐवजी एम८० गटातला कोड लागतो. इथे उघड्या फ्रॅक्चरची अक्षरेच नाहीत. ए, डी, जी, के, पी आणि एस एवढीच आहेत.

हाड जुळल्यावर आतली प्लेट किंवा रॉड ठरवून काढण्यासाठी रुग्ण आला तर मात्र झेड४७ गटातलाच झेड४७.२ योग्य ठरतो. बाहेरून लावलेला फिक्सेटर (हाड धरून ठेवणारी चौकट) काढताना फ्रॅक्चरचाच कोड ‘डी’सह द्यायचा असतो. शेवटचे अक्षर ‘एस’. हाड अजून जुळत असताना ते वापरू नये. जुळल्यानंतर मागे राहिलेल्या व्यंगासाठी ते आहे, आणि तिथे दोन कोड लागतात: आधी त्या व्यंगाचा, उदाहरणार्थ पाय आखूड राहिल्याचा एम२१.७ गटातला, आणि त्यानंतर मूळ फ्रॅक्चरचा, ‘एस’ लावून.