मी गोरेंग: गॅस पेटवण्याआधीची यादी

मी गोरेंग म्हणजे इंडोनेशियातल्या परतलेल्या नूडल्स. त्या कढईत असतात जेमतेम सात-आठ मिनिटं. एवढ्या वेळात लसूण सोलायला किंवा सॉसची बाटली शोधायला सवड नसते, म्हणून खरं काम गॅस पेटवण्याआधीचं. आणि सगळ्यात आधी किती जणांसाठी करायचंय ते ठरवा. जावा बेटावरच्या योग्याकार्ता शहरातले जुन्या वळणाचे बाक्मी जावावाले, म्हणजे तिथल्या नूडल्स विकणारे, अजूनही कोळशाच्या शेगडीवर एकेक प्लेट वेगळी परततात. गिऱ्हाईक ताटकळलं तरी चालेल, पण पाच जणांचा घाणा एकदम नाही. घरच्या गॅसवर एका वेळी दोन माणसांचंच घ्या. जास्त भरलं की नूडल्स परतल्या जात नाहीत, वाफेवर शिजून त्यांचा गिचका होतो. खाली दिलेलं प्रमाण दोघांचं आहे. चौघं असाल तर सगळं दुप्पट आणा, पण घाणे दोन काढा.

आदल्या दिवशी करायचं काम एकच: केचाप मानिस, म्हणजे इंडोनेशियाचा दाट, गोड, काळा सोया सॉस. तयार बाटली मिळाली तर प्रश्नच मिटला. मिळाली नाही तर आपल्याकडचा डार्क सोया सॉस त्याच्या जागी ओतू नका. तो रंगाने काळा असला तरी चवीला खारट असतो. त्यापेक्षा एक वाटी साधा सोया सॉस आणि एक वाटी चिरलेला गूळ जाड बुडाच्या पातेल्यात घ्या. त्यात एक चक्रीफूल, ठेचलेली लसणाची पाकळी आणि आल्याचा लहान तुकडा टाकून मंद आचेवर उकळा. दहा-बारा मिनिटांत चमच्याला चिकटायला लागेल. एकतारी व्हायच्या जरा आधीच उतरवा, कारण गार झाल्यावर तो आणखी घट्ट होतो. गाळून बाटलीत भरा. फ्रीजमध्ये दोन-तीन आठवडे सहज राहतो.

गूळ कोणता, हा मात्र विचार करण्यासारखा प्रश्न आहे. जावात हा गूळ नारळाच्या किंवा आरेन नावाच्या ताडाच्या रसाचा असतो. उसाच्या गुळाने काम भागतं, पण तो खमंग, किंचित धुरकट वास येत नाही. गोव्याचा माडाचा काळा गूळ मिळाला तर सोडू नका. म्हापशाच्या बाजारात तो हमखास दिसतो. या गुळाचं गोव्यात दोदोल, म्हणजे एक मऊ मिठाई, होतं, आणि दोदोल जावातही होतं, गारुत गावचं तर नावाजलेलं आहे. तेव्हा हा गूळ तिथल्या कढईत परका ठरणार नाही.

आता वाटण. सहा-सात सांबार कांदे, लसणाच्या चार पाकळ्या, अर्धा चमचा पांढरी मिरी आणि दोन केमिरी. केमिरी म्हणजे जंगली अक्रोड. वाटणाला दाटपणा आणि स्निग्धपणा येतो तो त्याच्यामुळे. कच्चा मात्र तोंडात टाकू नका, पोट बिघडतं. आधी भाजून घ्या आणि वाटण नीट परता. नसेल तर तीन-चार काजू घ्या, फरक फारसा कळत नाही. वाटताना पाणी घालायचं नाही, मिक्सर फिरेना तर चमचाभर तेल घाला. पाणी घातलेलं वाटण कढईत तडतड उडतं आणि तेल सुटायला दुप्पट वेळ लागतो.

कोळंबीच्या वासासाठी तिथे तेरासी वापरतात, म्हणजे आंबवलेल्या कोळंबीची वडी. ती सगळ्यांना झेपत नाही आणि मी गोरेंगला हवीच असंही नाही. सुकवलेली कोळंबी, तिथली एबी, ही पण चालते, आणि कोकणातल्या घरात सोडे असतातच. चमचाभर सोडे पंधरा मिनिटं कोमट पाण्यात भिजवा, निथळून वाटणातच टाका. शाकाहारी घरात हे सगळं गाळा, लसूण थोडा वाढवा.

नूडल्स अंड्याच्या, सुक्या, दीडशे ग्रॅम. पाकिटावर लिहिलंय त्याच्या एक मिनिट आधी काढा, गार पाण्याखाली धरा, चाळणीत खडखडीत निथळू द्या. मग चमचाभर तेल चोळून ताटात पसरून ठेवा, तासभर आधी केलं तरी उत्तम. ओल्या नूडल्स कढईत टाकणं ही या पदार्थाची वाट लावायची हमखास रीत.

भाज्यांचं फार मनावर घेऊ नका: मूठभर उभी चिरलेली कोबी, मूठभर पाकचोय (एक चिनी पालेभाजी), पातीचा कांदा. मोड आलेले मूग घालायचे तर लांब, पांढऱ्या मोडांचे आणा, उसळीचे नकोत. चिकन किंवा कोळंबी वाटीभर, लहान तुकडे करून. अंडी चार: दोन कढईत फोडायला, दोन वरून ठेवायच्या फ्रायसाठी.

ओट्यावर सगळं टाकायच्या क्रमाने डावीकडून उजवीकडे मांडा: तेल, वाटण, चिकन, अंडी, कोबी, नूडल्स, एका वाटीत अडीच चमचे केचाप मानिस व एक चमचा साधा सोया सॉस, शेवटी पाकचोय, मोड आणि पात. सॉस आधीच वाटीत मोजून ठेवा, बाटलीतून ओतायला जाऊ नका. पाव वाटी पाणीही हाताशी असू द्या. नूडल्स कोरड्या पडल्या तर शिपका मारता येतो. गूळ असल्याने सॉस पडल्या पडल्या करपू लागतो, तेव्हा तिथून पुढे हात थांबवायचा नाही. कढई लोखंडीच घ्या, धूर दिसेपर्यंत तापवा. नॉनस्टिक इतकी तापवायची नसते, आणि तेवढ्या आचेशिवाय ती चव येत नाही.

वरून घालायच्या आणि सोबतच्या गोष्टी आधी उरकून ठेवा. सांबार कांदे पातळ कापून मंद आचेवर तळा, कागदावर पसरा. काकडी आणि गाजराचे तुकडे व्हिनेगर, साखर, मीठ लावून अर्धा तास मुरू द्या. हे आचार, म्हणजे तिथलं लोणचं, नसेल तर गोडाने तोंड मिटतं. लवंगी मिरच्या अख्ख्याच बाजूला ठेवा, त्या चावून खायच्या असतात. नेदरलँड्समधल्या मराठी घरांना यातलं काहीच शोधत बसावं लागत नाही. तिथल्या तोको, म्हणजे आशियाई किराणा, दुकानांत केचाप मानिसपासून केमिरी आणि तळलेल्या कांद्यापर्यंत सगळं एकाच फळीवर असतं.

क्रुपुक, म्हणजे कोळंबीचे पापड, सकाळीच तळून घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवा. डबा थेट टेबलावर न्या. पानात आधी वाढून ठेवले तर नूडल्सच्या वाफेने मऊ पडतात.