प्राचीन ग्रीस शिकायचंय? मग अथेन्सपासून सुरुवात करू नका

एमएच्या पहिल्या वर्षाची पोरं विचारतात की ग्रीस कुठून सुरू करू, आणि विचारायला येईपर्यंत त्यांचे सॉक्रेटिसवरचे दोन-चार व्हिडिओ बघून झालेले असतात, स्पार्टावरचा सिनेमा तर असतोच. माझं उत्तर ठरलेलं आहे. अथेन्स सध्या बाजूला ठेवा, आधी इ.स.पू. १२०० च्या आगेमागे ग्रीसमध्ये काय कोसळलं ते नीट समजून घ्या, पुढचं निम्मं कोडं त्यातच सुटतं. माझ्या एमएला हा विषय एक पेपर म्हणून आला आणि नंतर काही सुटला नाही, त्या जोरावर सांगतेय.

आधी एक गोष्ट क्लिअर करून टाकू. यूपीएससीसाठी म्हणून वाचणार असाल तर वेळ घालवू नका, जीएसमधला जगाचा इतिहास अठराव्या शतकापासून पुढचा आहे आणि हिस्टरी ऑप्शनलमधलं जगसुद्धा आधुनिक काळातलंच. प्लेटो-ॲरिस्टॉटल लागतात ते फिलॉसॉफी आणि पोलिटिकल सायन्सवाल्यांना, त्यांना ग्रीक नगरांची जेवढ्यास तेवढी माहिती पुरते. पेपर असेल किंवा मनापासून आवड असेल तर मात्र पुढे वाचा.

पहिला आठवडा पुस्तक उघडू नका, नकाशा उघडा. डोंगरांनी तुकडे तुकडे झालेली जमीन, सुपीक पट्टे थोडे, जव, ऑलिव्ह आणि द्राक्षं, आणि कुठेही उभे राहिलात तरी समुद्र फार लांब नाही, त्यामुळे शेजारच्या खोऱ्यात चालत जाण्यापेक्षा बोटीनं पलीकडच्या बेटावर जाणं सोपं. ग्रीस नावाचा एक देश त्या काळी नव्हताच. हजाराच्या वर स्वतंत्र नगरं होती आणि ती आजच्या ग्रीसमध्येच होती असंही नाही. तत्त्वज्ञ थेलीसचं मिलेटस आज तुर्कस्तानात, इतिहासकार हेरोडोटसचं हॅलिकार्नासस म्हणजे आजचं बोड्रम तेही तुर्कस्तानात, सिराक्यूज सिसिलीत, नॉक्रॅटिस थेट इजिप्तमध्ये. प्लेटोनं एके ठिकाणी सॉक्रेटिसच्या तोंडी घातलंय की आपण समुद्राकाठी डबक्याभोवतीच्या बेडकांसारखे राहतो. हे चित्र डोक्यात बसलं की ग्रीसची राजधानी कुठली वगैरे प्रश्न पडत नाहीत.

मग ग्रीसच्या दक्षिणेचं क्रीट बेट. तिथला क्नोसोसचा राजवाडा इंग्रज पुरातत्त्वज्ञ आर्थर इव्हान्सनं १९०० साली खणायला घेतला. फोटोंमधले ते लाल खांब बघून हरखून जाऊ नका, त्यातलं बरंचसं इव्हान्सनं काँक्रीट वापरून पुन्हा उभं केलेलं आहे आणि भिंतींवरची चित्रंसुद्धा थोड्याशा तुकड्यांवरून भरून काढलेली आहेत. क्रीटच्या या मिनोअन लोकांची लिपी, लिनिअर ए, अजून कुणाला वाचता आलेली नाही, म्हणून पेपरात त्यांना बिनधास्त 'ग्रीक' लिहू नका, मार्क जातात आणि जायलाच पाहिजेत.

मुख्य भूमीवर मायसीनी हे राजवाड्याचं नगर, त्याच्याच नावावरून तिथल्या संस्कृतीला मायसीनियन म्हणतात. श्लीमन या जर्मन उत्खननकाराला १८७६ मध्ये तिथल्या थडग्यांत सोन्याचा मुखवटा मिळाला आणि त्यानं तो होमरच्या काव्यातल्या, ट्रॉयवर चढाई करणाऱ्या ॲगामेम्नॉन राजाला चिकटवून टाकला. प्रत्यक्षात तो ट्रोजन युद्धाच्या पारंपरिक काळापेक्षा तीनेकशे वर्षं जुना. इंटरनेटवर अजून त्याच नावानं फिरतोय, काय करणार.

आता खरा माल. मायसीनियन राजवाड्यांत मातीच्या पाट्या सापडल्या, लिनिअर बी लिपीतल्या. बऱ्याच विद्वानांना वाटत होतं की ही भाषा ग्रीक नसणार. ॲलिस कोबर नावाच्या अमेरिकन बाईनं कागदाच्या चिटोऱ्यांवर चिन्हांची वर्गवारी करून पाया घातला, १९५० मध्ये ती वारली, आणि १९५२ मध्ये मायकेल व्हेंट्रिस या आर्किटेक्टनं जाहीर केलं की ही ग्रीकच आहे. लोकांचा विश्वास बसेना. तेवढ्यात पायलॉसच्या मायसीनियन राजवाड्यात सापडलेली एक पाटी वाचली गेली. त्या पाटीवर भांड्यांची यादी आहे आणि प्रत्येक नोंदीपुढे भांड्याचं छोटं चित्र काढलंय. व्हेंट्रिसच्या पद्धतीनं अक्षरं लावली तर 'ति-रि-पो' निघतं आणि पुढे चित्र कसलं, तर तीन पायांच्या भांड्याचं. चार कानांचं असं वाचलं की चित्रात चार कान, तीन कानांचं वाचलं की तीन, बिनकानी वाचलं की एकही नाही. एका भांड्याचे तर पाय जळून गेलेत अशीही नोंद आहे. या पाटीचा फोटो आणि त्याखालचं वाचन शेजारी ठेवून एकदा स्वतः जुळवून बघा, नोट्समधून हे कळत नाही.

त्या पाट्यांत असतं काय? हिशोब. क्नोसोसच्या पाट्यांवर लाखाच्या आसपास मेंढ्यांची मोजदाद आहे, लोकर किती, कांसं कुणाला दिलं, कापड विणणाऱ्या बायकांना धान्य किती. गोष्ट नाही, कविता नाही, कायदा नाही. आणि त्या टिकल्या कशा, तर कच्च्या मातीच्या पाट्या राजवाडे जळताना भाजून निघाल्या म्हणून.

इ.स.पू. १२०० च्या सुमारास हे राजवाडे एकामागून एक पडले. त्याच सुमारास आजच्या तुर्कस्तानातल्या हित्ती लोकांची राजधानी हत्तुशा ओस पडली, सीरियाच्या किनाऱ्यावरचं युगारिट जळालं, इजिप्तमध्ये तिसरा रामसेस समुद्राकडून आलेल्या टोळ्यांशी लढल्याचं कोरून ठेवतो. परीक्षेत याचं एकच कारण लिहिणाऱ्याची तयारी कच्ची समजतात. दुष्काळ, भूकंप, हल्ले, अंतर्गत बंडाळी, तांबं आणि कथलाचा व्यापार तुटणं, हे सगळं एकमेकांत गुंतलेलं मांडायचं आणि कशावर पुरावा किती भक्कम ते सांगायचं. परिणाम मात्र स्पष्ट आहेत. मोठं बांधकाम थांबलं, वस्त्या रोडावल्या, आणि लिहिणंच बंद पडलं, जवळजवळ चारशे वर्षं. जुनी पुस्तकं याला अंधारयुग म्हणून दोन ओळींत उरकतात, तसं करू नका. युबिया बेटावर लेफकांडीला इ.स.पू. ९५० च्या सुमाराची पन्नासेक मीटर लांबीची इमारत सापडली, आत एक पुरुष, एक स्त्री आणि चार घोडे पुरलेले, सोबत परदेशी वस्तू. म्हणजे सगळंच अंधारात नव्हतं.

आणि इथे माझा मुद्दा येतो. इजिप्तमध्ये, मेसोपोटेमियात संकटं आली तरी राजा, देऊळ आणि लेखनिक ही घडी पुन्हा बसत राहिली, ग्रीसमध्ये ती कायमची मोडली. राजवाडा गेला, उरले गावोगावचे छोटे सरदार आणि शेतकरी. पुढे नगरराज्य नावाचा प्रकार, ग्रीक भाषेत 'पोलिस' (आपले पोलीस नव्हेत), याच मोकळ्या जागेत उगवला असं मला वाटतं. इ.स.पू. आठव्या शतकात लिहिणं परत आलं तेही दरबारातून नाही, आजच्या लेबनॉनच्या किनाऱ्यावरच्या फिनिशियन व्यापाऱ्यांकडून. त्यांच्या लिपीत फक्त व्यंजनं होती, ग्रीकांनी त्यातलीच काही चिन्हं स्वरांना लावली, आणि वीस-पंचवीस अक्षरांत काम भागायला लागलं. पहिल्यावहिल्या लेखांत काय आहे बघा. अथेन्सच्या डिपिलॉन सुरईवर, साधारण इ.स.पू. ७४०, लिहिलंय की नाचणाऱ्यांत जो सगळ्यात छान नाचेल त्याला ही. इटलीजवळच्या इस्कियाला सापडलेल्या प्याल्यावर होमरच्या काव्यातल्या म्हाताऱ्या राजा नेस्टरच्या नावानं चेष्टा केलीय, यातून पिणाऱ्याला प्रेमदेवता ॲफ्रोडाइटीची ओढ लागेल म्हणून. कुठे मेंढ्या मोजणं आणि कुठे हे!

याच काळाची चव हवी तर हेसिअड वाचा. इ.स.पू. ७०० च्या सुमाराचा मध्य ग्रीसमधल्या बिओशियातला शेतकरी कवी, आणि विषय काय तर भाऊबंदकी. वाटणीत भाऊ पर्सीसनं जास्त लाटलं, वर लाच खाऊ सरदारांना हाताशी धरलं, म्हणून हा त्याला कवितेतून झाडतो, आणि स्वतःचं ॲस्क्रा गाव थंडीत वाईट, उन्हाळ्यात जाचक, चांगलं कधीच नाही म्हणतो. आपल्याकडच्या कुठल्याही वाचकाला हे समजावून सांगावं लागत नाही. पुढे नगरांतली भांडणं याच कर्ज आणि जमिनीवरून पेटली. क्रीटमधल्या ड्रीरोसला इ.स.पू. ६५० च्या आसपास दगडावर कायदा कोरला की एकदा मुख्य अधिकारी झालेल्या माणसाला दहा वर्षं ते पद पुन्हा नाही. अथेन्समध्ये इ.स.पू. ५९४ ला सोलोननं माणूस गहाण ठेवून कर्ज देणं बंद केलं, आणि ५०८ च्या सुमाराला क्लायस्थेनीसनं नागरिकांची नव्यानं विभागणी केली. लोकशाहीची मुळं इथे शोधायची.

त्यानंतरचं पाचवं शतक सगळ्यांनाच पाठ असतं, इराण्यांशी झालेल्या लढाया मॅरेथॉन ४९० आणि सॅलमिस ४८०, अथेन्सचं पार्थेनॉन देऊळ ४४७ पासून पुढे, म्हणून मी तिथे एवढंच विचारते की पैसा कुठून आला. अथेन्सजवळच्या लॉरियनच्या चांदीतून अथेन्सचा पुढारी थेमिस्टोक्लीसनं आरमार बांधलं, ती चांदी खाणीत उतरून काढणारे गुलाम होते, आणि अथेन्सच्या मित्रराज्यांचा सामाईक खजिना ४५४ मध्ये डीलोस बेटावरून अथेन्सला हलवला गेला. बायकांना आणि परक्या रहिवाशांना मत नव्हतं. उत्तरात हे दोन परिच्छेद असतील तर तपासणाऱ्याला कळतं की पोरगं विचार करून लिहितंय. (आणि हो, इ.स.पू. पाचवं शतक म्हणजे ५०० ते ४०१, हा उलटा हिशोब सुरुवातीला सगळ्यांनाच चकवतो.)

मूळ ग्रंथ भाषांतरात का होईना वाचा, पर्सियस डिजिटल लायब्ररीवर फुकट आहेत. हेरोडोटस आधी, त्याच्याकडे गप्पा भरपूर आहेत, थुसिडिडीस हा दुसरा इतिहासकार नंतर, तो जड जातो.

पुण्या-मुंबईत असाल तर एक रविवार कार्ल्याला जा. चैत्यगृहातल्या खांबांवर धेनुकाकटच्या यवनांनी दान दिल्याचे ब्राह्मी लेख आहेत. यवन म्हणजे नेमके ग्रीकच का, यावर वाद आहे, आणि त्यांची नावं बरीचशी इथलीच वाटतात, त्यामुळे लगेच 'ग्रीक आपल्या सह्याद्रीत' अशी पोस्ट टाकू नका.

करिअर म्हणून बघत असाल तर खरं सांगायचं म्हणजे भाषेशिवाय गाडी पुढे जात नाही. प्राचीन ग्रीक हवीच, लॅटिन मागतात, आणि संशोधनाला जर्मन-फ्रेंच वाचता यावं लागतं. संस्कृत झालेल्यांना विभक्ती आणि द्विवचन बघून घाबरायला होत नाही, हा आपल्याकडच्यांचा मोठा फायदा. हात मातीत घालायचा असेल तर अथेन्सच्या अगोरा, म्हणजे जुन्या बाजारचौकाच्या उत्खननात १९३१ पासून काम चालू आहे आणि उन्हाळ्यात विद्यार्थी स्वयंसेवक घेतात. इतरही बऱ्याच साइट्सवर असे समर फील्ड स्कूल असतात पण त्यातल्या पुष्कळांची फी भरावी लागते, विमान आणि व्हिसाचा खर्च वेगळा. अर्ज आदल्या हिवाळ्यातच भरायचे असतात, एप्रिल-मेमध्ये जागे झालात तर त्या वर्षीचं विसरा.