नागपूरच्या उन्हात ब्रॉयलर (मांसाच्या कोंबड्या) ठेवताय? मग या चुका टाळा

फार्मवर चार पक्षी मेले की आपला पहिला फोन औषधवाल्याला जातो. माझाही जायचा. आता मी आधी पाण्याच्या टाकीत हात घालून पाहतो, कारण बरेचदा रोगबिग काही नसतो भाऊ, पाणी आणि हवा यांचाच लोचा असतो.

कोंबडीला घाम येत नाही, चोच उघडून धापा टाकणं हाच तिचा कूलर. मे महिन्यात आपल्याकडे पारा ४५ च्या वर जातो आणि काही जण भर दुपारी फीडर फुल भरून ठेवतात, का तर वजन लवकर यावं. अरे बाप्पा, खाल्लेलं पचवतानाच अंगात गर्मी तयार होते! माझ्या दुसऱ्या बॅचला हेच झालं, ३५ दिवसांचे पक्षी, नवतपा (मेअखेरचे सगळ्यात तापलेले नऊ दिवस) चालू, साडेबाराला लाइट गेली, पंखे बंद, आणि लाइट येईपर्यंत दीडशेच्या आसपास पक्षी आडवे, तेही सगळ्यात जड जड, म्हणजे विकायला तयार झालेलेच. तेव्हापासून उन्हाळ्यात सकाळी दहाला फीडर वर उचलतो ते चार-पाचला खाली घेतो, खाद्य पहाटे आणि रात्री लाइट लावून देतो, आणि जनरेटरमध्ये डिझेल आहे का हे सकाळीच बघतो.

पाण्याची टाकी टिनावर उघड्या उन्हात असेल तर दुपारी नळातून चहाचं पाणी येते म्हणा ना. पक्षी ते पीत नाही. साध्या हवामानात तो खाद्याच्या साधारण दुप्पट पाणी पितो, उन्हाळ्यात चौपट-पाचपट लागतं. टाकीला सावली करा, ओलं बारदान गुंडाळा, पाइपसुद्धा झाका.

फॉगरचं, म्हणजे शेडमध्ये बारीक पाण्याचे तुषार सोडणाऱ्या नळ्यांचं, एक सांगतो, कोरड्या उन्हात तो मस्त काम करतो, पण पाऊस पडून उकाडा वाढला की बंद ठेवा, हवेत आधीच ओल असल्यावर पाण्याची वाफ होत नाही, उलट पक्षी जास्त गुदमरतो, खाली अंथरलेलं तूसही ओलं होतं. तेव्हा फक्त पंखे.

शेडची लांबी पूर्व-पश्चिमच पाहिजे, रुंदी ३० फुटांवर नको, नाहीतर मधे हवा पोचत नाही. एका पक्ष्याला एक चौरस फूट हा हिशोब थंडीचा, उन्हाळ्यात २००० च्या शेडमध्ये १६०० च टाका.

हिवाळ्यातली चूक याच्या उलटी. पिल्लांना थंडी लागेल म्हणून पडदे चोवीस तास बंद! आत गेल्यावर तुमचे डोळे चुरचुरले तर समजा अमोनिया साचला, पक्षी तर त्यातच राहतोय. वरून बोटभर तरी पडदा उघडा ठेवा. ब्रूडिंगला, म्हणजे पिल्लांना बल्बखाली ऊब द्यायला, पहिल्या आठवड्यात ९५ फॅरनहाइट लागतं, पुढे दर आठवड्याला पाच कमी, पण थर्मामीटरपेक्षा पिल्लांकडं बघा, बल्बखाली ढीग करून बसली तर थंडी वाजतेय, चिक गार्डला (पिल्लांभोवतीच्या गोल कुंपणाला) जाऊन चिकटली तर गरम होतंय.

तूस मुठीत दाबा, गोळा राहिला तर ओलं आहे, वरखाली करा, थोडा चुना मारा. ओल्या तुसातच कॉक्सी (आतड्याचा रोग) वाढतो आणि विष्ठेत रक्त दिसायला लागतं.

लासोटा (राणीखेतची लस) किंवा गंबोरो रोगाची लस पाण्यातून देणार असाल तर टाकीत टीसीएल (ब्लीचिंग पावडर) टाकलेलं नको, लस जागेवरच मरते आणि आपण म्हणतो लसच खराब होती. पाणी थंड पाहिजे, त्यात लिटरमागं पाच ग्रॅम स्किम्ड मिल्क पावडर टाका, आणि दोन तासांत संपेल एवढंच बनवा.

एवढं सगळं बघूनही मर थांबली नाही तर मग खरंच रोग असू शकतो. तेव्हा कोणी फोनवर सांगितलं म्हणून अँटीबायोटिक चालू करू नका, ताजे मेलेले दोन-तीन पक्षी पिशवीत बर्फावर ठेवून सेमिनरी हिल्सच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात पोस्टमॉर्टमला न्या, सकाळीच न्या, दुपारपर्यंत ते सडतात आणि मग कुणालाच काही कळत नाही.